चेहऱ्यापलीकडचा माणूस : आंद्रे लाबार्तची व्यक्तिचित्रे

गोदारच्या 'व्हिव्र सा व्ही' (१९६२) या चित्रपटाच्या आरंभी एक स्त्री आणि एक पुरुष कॅफेच्या काउंटरपाशी बसून बोलत असतात. कॅमेरा त्यांच्या पाठीमागे. नाते तुटले आहे हे मान, खांदे आणि आवाज यांवरूनच ओळखायचे. ती स्त्री आना कारिना. तो पुरुष आंद्रे लाबार्त. अभिनय हा काही लाबार्तचा पेशा नव्हता. इतरांची व्यक्तिचित्रे पडद्यावर रेखाटणे हे त्याचे आयुष्यभराचे काम. समोरून चेहरा दाखवला म्हणजे माणूस दाखवला असे होत नाही, ही त्या कामामागची मूळ जाणीव होती असे मला वाटते.

लाबार्तचा जन्म १९३१ चा, पिरेनीजच्या पायथ्याशी असलेल्या ओलोरों-सँत-मारी या गावातला. १९५६ पासून तो 'काये द्यु सिनेमा' या मासिकात लिहू लागला. मासिकाचा एक संस्थापक आंद्रे बाझां १९५८ मध्ये, वयाच्या अवघ्या चाळिसाव्या वर्षी वारला. त्याची पत्नी जानीन बाझां आणि लाबार्त यांनी १९६४ मध्ये फ्रान्सच्या सरकारी दूरचित्रवाणीवर 'आपल्या काळाचे चित्रपटकर्ते' अशा अर्थाच्या नावाची मालिका सुरू केली. दिग्दर्शक हाच चित्रपटाचा खरा कर्ता, हा 'काये'चा आग्रह. मासिकाच्या पानांवरचा तो वाद आता घरोघरी पोचणार होता.

पण छापील मुलाखतीत अडखळणे, टाळाटाळ, मध्येच आलेले हसू, सारे गळून पडते. उरते ते मत. लाबार्तला नेमके जे गळते तेच हवे होते. लॉस एंजेलिसमध्ये १९६५ साली जॉन कासावेटिस भेटतो तो 'फेसेस'च्या धडपडीत बुडालेला, घरालाच कार्यशाळा केलेला, बोलण्याच्या भरात वाहून जाणारा. त्याच माणसाला १९६८ मध्ये, चित्रपट पुरा झाल्यावर, पॅरिसमध्ये पुन्हा गाठले गेले. दोन भेटींमधली तीन वर्षे कोणी निवेदनातून सांगत नाही. ती त्याच्या बोलण्या-वागण्यातून कळतात. जॉन फोर्ड तर प्रश्नांना तुटक उत्तरे देण्याबद्दल प्रसिद्धच. पण त्याचे ते फटकून असणे हीदेखील माहितीच असते.

मालिकेची दुसरी रीत म्हणजे एका दिग्दर्शकाचे चित्र दुसऱ्या दिग्दर्शकाने काढायचे. ड्रायरवर रोमेरने चित्रपट केला. फ्रित्झ लांग आणि गोदार यांच्या वयात चाळीस वर्षांचे अंतर. त्यांना समोरासमोर बसवून लाबार्तने केलेल्या चित्रपटाचे नाव 'डायनोसॉर आणि बाळ'. बंगालमध्ये 'द रिव्हर' चित्रित केलेला ज्याँ रेन्वार आपल्याला परिचित आहे. त्याच्यावर जाक रिव्हेतने तीन भाग केले. रेन्वारच्या सहवासाने रिव्हेतची काम करण्याची रीतच बदलली. त्यानंतरच्या 'लामूर फू' (१९६९) या चार तासांच्या चित्रपटात रासीनच्या नाटकाच्या तालमी चालतात आणि दूरचित्रवाणीचे एक पथक त्या १६ मिलिमीटरवर टिपत असते. त्या पथकाचा प्रमुख दाखवला आहे तो प्रत्यक्ष लाबार्त! व्यक्तिचित्र करणाऱ्यावर व्यक्तिचित्राचा असा परिणाम होऊ शकतो, याचा याहून ठळक दाखला मला माहीत नाही.

या पद्धतीवर आक्षेप घेता येतो. कर्त्याला केंद्रस्थानी ठेवले की पटकथाकार, संकलक, छायालेखक आपोआप सावलीत जातात. पहिल्या पर्वात शर्ली क्लार्कसारखा अपवाद सोडला तर स्त्रिया फार थोड्या. मालिका १९७० च्या दशकाच्या सुरुवातीस थांबली आणि १९८० च्या दशकाअखेर 'सिनेमा, आपल्या काळाचा' अशा किंचित बदललेल्या नावाने परतली. आता कियारोस्तामी, हौ शाओ-श्येन असे आशियाई दिग्दर्शक तिच्यात आले. शांताल आकरमनने तर स्वतःचेच चित्र केले. नावातून 'कर्ता' गेला, 'सिनेमा' आला. हा बदल मला निव्वळ शाब्दिक वाटत नाही.

लाबार्तची खरी कसोटी मात्र विचारवंतांच्या चित्रांत लागली. दिग्दर्शकाचे चित्रपट तरी दाखवता येतात. विचार कसा दाखवायचा? १९९७ मध्ये त्याने जॉर्ज बातायवर चित्रपट केला, तेव्हा बाताय जाऊन पस्तीस वर्षे झाली होती. डोळा आणि आंधळेपणा ही ज्याच्या लेखनातली सततची प्रतिमा, त्या लेखकावरच्या चित्रपटाला नाव दिले 'नजर पोचेनाशी होईपर्यंत'. फ्रेंचमध्ये या शब्दप्रयोगात अफाट पसरलेले दृश्य आहे आणि नजर हरवणेही आहे. समोर माणूस नसताना त्याच्या विचाराच्या हद्दीपर्यंत जाऊन थांबणे, एवढेच प्रामाणिकपणे करता येते, असे जणू हे नावच सांगते. आर्तो, फिलिप सोलेर्स यांच्याकडेही तो वळला.

लाबार्त मार्च २०१८ मध्ये गेला. आज आपल्याकडेही लेखक-कलावंतांच्या तासन्‌तास मुलाखती चित्रित होतात. साधनांची वानवा उरलेली नाही. पण उत्तर आले की कॅमेरा बंद होतो. उत्तरानंतरच्या शांततेत माणूस काय करतो हे पाहायला कोणी थांबत नाही. लाबार्त तिथे थांबत असे. म्हणूनच लांग, कासावेटिस आज नसले तरी ते काय बोलले एवढेच नव्हे, तर बोलताना कसे होते हेही आपल्याला कळते.