सयामचे स्वातंत्र्य आणि त्याचे मोल : थाई राजनयाचा एक ऐतिहासिक अभ्यास (१८५५ ते १९४६)

प्रस्तावना

एकोणिसाव्या शतकाच्या अखेरीस आग्नेय आशियाचा बहुतेक भूभाग युरोपीय सत्तांच्या अंमलाखाली गेला होता. ब्रह्मदेश व मलाया ब्रिटिशांकडे, व्हिएतनाम, कंबोडिया व लाओस फ्रेंचांकडे, तर इंडोनेशियातील बेटे डचांकडे गेली. या प्रदेशात सयाम, म्हणजेच आजचा थायलंड, हा एकच देश औपचारिकदृष्ट्या स्वतंत्र राहिला. याचे श्रेय सामान्यतः थाई राज्यकर्त्यांच्या लवचीक धोरणाला दिले जाते. वाऱ्याबरोबर वाकणारा पण न मोडणारा बांबू ही या धोरणाची रूढ प्रतिमा होय.

ही प्रतिमा आकर्षक असली तरी अपुरी आहे. नुसते वाकण्यासाठी पदरचे काही खर्चावे लागत नाही. सयामला मात्र प्रत्येक वळणावर किंमत मोजावी लागली. बड्या सत्तांशी झालेल्या प्रत्येक करारात सयामने काय दिले, त्याला काय मिळाले आणि जे दिले ते नेमके कोणाचे होते, या तीन प्रश्नांच्या आधारे थाई राजनयाची चिकित्सा करणे हा प्रस्तुत लेखाचा उद्देश आहे.

बाउरिंग करार : अधिकार देऊन सुरक्षितता

१८२६ मध्ये हेन्री बर्नी यांच्या मध्यस्थीने ईस्ट इंडिया कंपनीशी झालेल्या करारात सयामने फारसे काही गमावले नव्हते. पहिल्या अफूच्या युद्धात चीनचा पराभव झाल्यानंतर परिस्थिती पालटली. राजा मोंगकुट (चौथा राम) यांनी त्यापासून बोध घेतला आणि १८५५ मध्ये हाँगकाँगचे गव्हर्नर सर जॉन बाउरिंग यांच्याशी करार केला. त्यानुसार आयात मालावरील जकात तीन टक्क्यांवर मर्यादित झाली, ब्रिटिश व्यापाऱ्यांना मुक्त व्यापाराची मुभा मिळाली आणि ब्रिटिश प्रजाजनांवर सयामी न्यायालयांऐवजी ब्रिटिश वकिलाचा न्यायाधिकार प्रस्थापित झाला. ब्रिटिश प्रजाजन असलेले हिंदी व्यापारीही या तरतुदीच्या कक्षेत येत.

यानंतर अमेरिका, फ्रान्स आदी देशांशीही याच धर्तीचे करार झाले. आर्थिक व न्यायिक सार्वभौमत्वाचा हा संकोच मोठा होता. तथापि एकाच सत्तेचे वर्चस्व निर्माण होऊ न देता अनेकांना समान सवलती देण्याचे सूत्र येथूनच दृढ झाले. ब्रिटन व फ्रान्स यांच्या कात्रीत सापडलेल्या राज्याची अवस्था मोंगकुट यांनी १८६७ मध्ये आपल्या दूतास लिहिलेल्या पत्रात वर्णिली आहे. नदीतील सुसरीशी मैत्री करावी की समुद्रातील देवमाशाला बिलगावे, असा तो पेच होता. त्याच वर्षी सयामने कंबोडियावरील फ्रान्सचे संरक्षकत्व मान्य केले. बट्टमबाँग व सिएम रीप हे प्रांत मात्र स्वतःकडे राखले.

१८९३ चा पेचप्रसंग

राजा चुलालोंगकोर्न (पाचवा राम, कारकीर्द १८६८ ते १९१०) यांनी तरुणपणीच सिंगापूर, जावा व हिंदुस्थानचा दौरा करून वसाहतींचे प्रशासन प्रत्यक्ष पाहिले होते. १८७२ च्या या हिंदुस्थान भेटीत ते मुंबईसही आले होते. पुढे त्यांनी प्रशासन, न्याय व महसूल या क्षेत्रांत सुधारणा केल्या. राजपुत्र देववोंग्से यांनी १८८५ पासून सुमारे चार दशके परराष्ट्र खाते सांभाळले, तर बेल्जियन विधिज्ञ गुस्ताव्ह रोलँ-जाकमँ यांची सल्लागार म्हणून नेमणूक झाली. सल्लागार छोट्या देशातून घेण्यामागे राजकीय हिशेब होता.

या तयारीची कसोटी १३ जुलै १८९३ रोजी लागली. फ्रेंच गनबोटी पाकनामच्या किल्ल्यावरील तोफांना न जुमानता बँकॉकपर्यंत पोहोचल्या. सयामला ब्रिटनकडून मदतीची अपेक्षा होती. ती फोल ठरली. ऑक्टोबरमधील तहानुसार मेकाँगच्या डाव्या तीरावरील प्रदेश व तीस लाख फ्रँकची नुकसानभरपाई फ्रान्सला द्यावी लागली. चांथाबुरी हे शहर फ्रेंचांनी तारण म्हणून ताब्यात ठेवले.

तथापि १८९६ मध्ये ब्रिटन व फ्रान्स यांनी चाओ फ्राया नदीच्या खोऱ्यात लष्करी हस्तक्षेप न करण्याचे परस्परांना आश्वासन दिले. ही हमी सयामला विचारून दिलेली नव्हती. दोन साम्राज्यांना परस्परांच्या सीमा भिडू द्यायच्या नव्हत्या. सयामचे अस्तित्व टिकण्यात थाई मुत्सद्देगिरीइतकाच या परिस्थितीचाही वाटा होता, हे नोंदवणे आवश्यक आहे.

भूप्रदेशाच्या मोबदल्यात न्यायाधिकार

विसाव्या शतकाच्या पहिल्या दशकात देवाणघेवाणीचे स्वरूप अधिक स्पष्ट झाले. १९०७ मध्ये बट्टमबाँग, सिएम रीप व सिसोफोन फ्रान्सला देण्यात आले. त्या बदल्यात त्रात हा प्रदेश परत मिळाला आणि फ्रान्सच्या आशियाई प्रजाजनांवरील न्यायाधिकाराबाबत सवलती मिळाल्या. १९०९ मध्ये केडाह, केलांतान, तेरेंगानू व पर्लिस या मलय राज्यांवरील हक्क ब्रिटनला देऊन सयामने न्यायाधिकारविषयक सवलती आणि दक्षिणेकडील रेल्वेसाठी चाळीस लाख पौंडांचे कर्ज मिळवले.

येथे तिसरा प्रश्न उपस्थित होतो. दिलेले प्रदेश लाओ, ख्मेर व मलय लोकांचे होते. बँकॉकला खंडणी देणारी त्यांतील काही राज्ये एकाच वेळी दुसऱ्या सत्तेलाही खंडणी देत असत. इतिहासकार थोंगचाई विनिचाकुल यांनी ‘सयाम मॅप्ड’ (१९९४) या ग्रंथात दाखवून दिल्याप्रमाणे, निश्चित सीमारेषेची कल्पनाच येथे नवी होती. केंद्र वाचवण्यासाठी परिघ दिला गेला आणि परिघावरील जनतेची संमती कोणीही घेतली नाही. १९०९ च्या रेषेने मलय समाज दुभंगला. पत्तानी सयामकडे राहिले. तेथील असंतोषाने २००४ पासून पुन्हा सशस्त्र रूप धारण केले.

समान दर्जाकडे वाटचाल

२२ जुलै १९१७ रोजी सयामने जर्मनी व ऑस्ट्रिया-हंगेरी यांच्याविरुद्ध युद्ध पुकारले आणि पुढील वर्षी सुमारे १,३०० जणांची तुकडी फ्रान्सला पाठवली. लष्करीदृष्ट्या हे योगदान अल्प असले तरी राजनैतिकदृष्ट्या ते फलदायी ठरले. सयामला पॅरिसच्या शांतता परिषदेत स्थान व राष्ट्रसंघाचे सदस्यत्व मिळाले. १९२० मध्ये अमेरिकेने आपले विशेषाधिकार सशर्त सोडले. अमेरिकन सल्लागार फ्रान्सिस सेयर यांच्या प्रयत्नांनी युरोपीय देशांशीही नवे करार झाले. १९३७ नंतरच्या करारांनी विषमतेचे उरलेले अवशेष दूर झाले. गमावलेले अधिकार परत मिळवण्यास आठ दशके लागली.

दुसरे महायुद्ध : दोन्ही डगरींवर पाय

फ्रान्सच्या पाडावानंतर फिबून सोंगख्राम यांच्या सरकारने लष्करी कारवाई केली आणि १९४१ मध्ये जपानच्या मध्यस्थीने जुन्या प्रदेशांपैकी काही परत मिळवले. ८ डिसेंबर १९४१ रोजी जपानी सैन्य थायलंडमध्ये उतरले. त्याच महिन्यात जपानशी युती झाली व २५ जानेवारी १९४२ रोजी ब्रिटन आणि अमेरिकेविरुद्ध युद्ध पुकारले गेले. वॉशिंग्टनमधील थाई प्रतिनिधी सेनी प्रामोज यांनी ही घोषणा अमेरिकी सरकारला अधिकृतपणे सादर केली नाही. देशांतर्गत पातळीवर प्रिदी फानोम्योंग यांनी ‘स्वतंत्र थाई’ चळवळीचे गुप्तपणे नेतृत्व केले. युद्धानंतर अमेरिकेने थायलंडला शत्रुराष्ट्र मानले नाही.

ब्रिटनची भूमिका कठोर होती. १ जानेवारी १९४६ रोजी सिंगापूर येथे झालेल्या करारात तत्कालीन हिंदुस्थान सरकारही सहभागी होते. त्यानुसार पंधरा लाख टनांपर्यंत तांदूळ विनामूल्य देण्याचे बंधन थायलंडवर आले. पुढे ते शिथिल करण्यात आले. १९४१ मध्ये मिळालेले प्रदेश फ्रान्सला परत केल्यावर डिसेंबर १९४६ मध्ये थायलंडला संयुक्त राष्ट्रसंघात प्रवेश मिळाला. जुन्या सूत्राचीच ही पुनरावृत्ती होती.

निष्कर्ष

वरील विवेचनावरून असे दिसते की, सयामचे स्वातंत्र्य हे केवळ लवचीकतेचे फळ नव्हते. अंतर्गत सुधारणा, कायद्याच्या भाषेवरील प्रभुत्व, बड्या सत्तांमधील स्पर्धा आणि वेळेवर केलेला त्याग यांतून ते साकारले. हे यश निःसंशय मोठे आहे. परंतु त्याचा हिशेब केवळ बँकॉकमधून मांडता येणार नाही. १९०४ चा तह व त्यानंतरचे फ्रेंच नकाशे यांतून उद्भवलेला प्रेआह विहेअर मंदिराचा वाद आंतरराष्ट्रीय न्यायालयाने १९६२ मध्ये कंबोडियाच्या बाजूने निकाली काढला. तरीही २०२५ मध्ये थायलंड व कंबोडिया यांच्या सीमेवर पुन्हा रक्त सांडले. राजधानीने ज्या सौद्यातून स्वातंत्र्य राखले, त्याचे मोल सीमेवरील माणसे शतकानंतरही चुकवत आहेत. थाई राजनयाच्या गौरवपर इतिहासात या माणसांनाही स्थान मिळणे अगत्याचे आहे.