करवीर राज्याचा किनारा आणि त्याची जिवंत तटबंदी

कोल्हापूर म्हटले की अंबाबाईचे देऊळ, पंचगंगेचा घाट, रंकाळा, तालमी आणि गुळाची पेठ ही चित्रे डोळ्यांपुढे उभी राहतात; समुद्र कोणाच्या मनात येत नाही. ह्यात नवल असे काही नाही. गगनबावड्याच्या पूर्वेस पडणारा पाऊस कुंभीच्या वाटेने पंचगंगेस व पुढे कृष्णेस मिळून अखेर दूरच्या बंगालच्या उपसागरास जातो. परंतु त्याच कड्याच्या पश्चिम अंगावरून ओघळणारे पाणी कोकणातील लहानमोठ्या नद्यांवाटे लवकरच अरबी समुद्र गाठते. आपल्या ज्ञातीतील पुष्कळ घराणी ह्या दुसऱ्या पाण्याच्या गावांची. घाट चढून ती इकडे स्थायिक झाली. तथापि देवगड, मालवण, वेंगुर्ले ह्या पट्ट्यात त्यांची मूळ घरे, कुलदैवते आणि माडाच्या बागा अद्यापि आहेत. म्हणून करवीर राज्याच्या किनाऱ्याचा इतिहास ह्या स्मरणिकेत थोडक्यात सांगावा, आणि ज्या जिवंत सृष्टीच्या आधारावर तो इतिहास उभा राहिला, तिच्याकडे ज्ञातिबंधुभगिनींचे लक्ष वेधावे, असे आम्ही योजिले आहे.

१७३१ साली छत्रपती शाहू महाराज व कोल्हापूरचे संभाजी महाराज ह्यांच्यात वारणेचा तह झाला. वारणेच्या दक्षिणेचा मुलूख कोल्हापूरकडे राहिला, हे आपण शाळेत शिकतो. परंतु त्याच तहान्वये साळशीपासून दक्षिणेस अंकोल्यापर्यंतचे कोकणही करवीरकरांकडे आले, हे सहसा सांगितले जात नाही. ह्या किनाऱ्याचा मुकुटमणी म्हणजे मालवणचा सिंधुदुर्ग. शिवछत्रपतींनी २५ नोव्हेंबर १६६४ रोजी कुरटे बेटावर ह्या जलदुर्गाचा पाया घातला. पायाच्या दगडांत शिसे ओतले, सुमारे तीन किलोमीटर लांबीचा नागमोडी तट उभारला, हे सर्वश्रुत आहे. परंतु तटाच्या बाहेर आणखी एक तट आहे. तो मनुष्याने बांधलेला नाही. किल्ल्याभोवती पाण्यात बुडालेले व अर्धवट वर आलेले खडक पसरले आहेत. त्यांमधील वाटा ज्यास ठाऊक नाहीत, त्या परक्या तांडेलाने गलबत आत आणणे म्हणजे ते फोडून घेणेच होय. किनाऱ्यावरच्या दर्यावर्दी कुटुंबांना मात्र प्रत्येक खडकाचे नाव, त्याची खोली आणि भरती-ओहोटीस तेथे वाहणारा प्रवाह मुखोद्गत असे.

आरमारासंबंधी मराठी भाषेत जे राजनीतिपर चिंतन झाले, त्याचा मोठा ठेवा करवीर राज्याशीच निगडित आहे, ही अभिमानाची गोष्ट होय. गगनबावड्याच्या जहागिरीचे मूळ पुरुष रामचंद्रपंत अमात्य ह्यांच्या नावे प्रसिद्ध असलेले आज्ञापत्र १७१५-१६ च्या सुमाराचे आहे. त्यातील आरमाराच्या प्रकरणात दोन गोष्टी आमच्या विषयास धरून आहेत. पहिली अशी की पावसाळ्यात आरमाराची छावणी कोठे करावी, ह्याचा त्यात बारकाईने विचार आहे. शिडाच्या जहाजांना पावसाळ्यात उघड्या समुद्रावर जागा नाही; त्यांना वळणावळणाची, शांत पाण्याची खाडी लागते. दुसरी गोष्ट लाकडाची. राज्यातील अरण्यातून साग वगैरे लाकूड परवानगीने आणावे. आंबा-फणसाची झाडे रयतेने लेकरांसारखी वाढविलेली असतात, त्यांना हात लावू नये. एखादे झाड जीर्ण होऊन निरुपयोगी झालेच, तर धन्याची राजीखुशी घेऊन, मोल देऊन मगच तोडावे, असा त्या आज्ञेचा आशय आहे. आरमार राज्याचे खरे, परंतु त्यासाठी रयतेवर जुलूम नको, हा विवेक तीनशे वर्षांपूर्वीचा आहे. वाचकांनी तो ध्यानी ठेवावा; लेखाच्या शेवटी त्याचे काम पडणार आहे.

किनाऱ्याचे महत्त्व केवळ लढाईपुरते नव्हते. १६७१ साली शिवछत्रपतींनी कुडाळच्या सरसुभेदारास पत्र लिहून बारदेशातून येणाऱ्या मिठावर जबर जकात बसविण्यास सांगितले. फिरंग्यांच्या मुलखातील मीठ स्वस्त पडू लागले, तर व्यापारी तिकडे वळतील आणि आपल्या मिठागरांचा धंदा बुडेल, हे त्यांनी ओळखले होते. त्या काळी मीठ बैलांच्या पाठीवरून घाटावर चढत असे. घाटावरच्या भाकरीची चवदेखील खाडीकाठच्या सपाट, भरतीचे पाणी घेणाऱ्या जमिनीवर अवलंबून होती.

पुढचा इतिहास दुःखाचा आहे. १७६५ साली मुंबईकर इंग्रजांनी मालवणवर स्वारी करून सिंधुदुर्ग घेतला आणि त्यास फोर्ट ऑगस्टस असे नाव दिले. लवकरच तो कोल्हापूरकरांस परत मिळाला खरा. परंतु १८१२ च्या तहाने मालवण बंदर व तेथील किल्ले कायमचे इंग्रजांच्या हाती गेले आणि करवीर राज्याचा समुद्र संपला. त्या तहात किल्ल्यांचा हिशेब झाला, बंदराचा झाला. किल्ल्याभोवतालचे खडक, खाडीतील कांदळ, चिखलातील कालवे व तिसऱ्या ह्यांचे मोल तेव्हा कोणी मांडले नाही. आज ते मांडण्याची पाळी आपल्यावर आली आहे.

प्रथम खडकांचा विचार करू. सिंधुदुर्गाच्या आसमंतातील पाण्याखालच्या खडकांवर पोवळी, म्हणजे प्रवाळ, वाढतात. पोवळे दिसते दगडासारखे. वास्तविक ती सूक्ष्म जीवांची वसाहत होय. ह्या जीवांच्या अंगात त्याहूनही सूक्ष्म शैवले राहतात, ती सूर्यप्रकाशावर अन्न तयार करतात आणि त्यातला वाटा यजमानास देतात. कित्येक गोलाकार पोवळी वर्षाकाठी जेमतेम एक सेंटीमीटर वाढतात. म्हणजे मांडीएवढा गोळा हा एखाद्या घराण्याच्या पिढीएवढा जुना असू शकतो. साऱ्या जगातील समुद्रतळाचा एक टक्काही भाग प्रवाळांनी व्यापलेला नाही. परंतु ज्ञात सागरी जीवजातींपैकी सुमारे चौथा हिस्सा त्यांच्या आश्रयास असतो. पाणी नेहमीपेक्षा एखाद-दोन अंशांनी अधिक तापून काही आठवडे तसेच राहिले की ही शैवले निघून जातात, पोवळे पांढरे पडते आणि उपाशी मरू लागते. १९९८, २०१० व २०१६ ह्या वर्षी जगाच्या अनेक समुद्रांत असे घडले. विजयदुर्गाच्या पश्चिमेस शंभर किलोमीटरांहून अधिक अंतरावर, भर समुद्रात, पाण्याखाली एक विस्तीर्ण उंचवटा आहे; त्यावरही पोवळ्यांची वस्ती आहे. नकाशात त्याचे नाव आंग्रिया बँक असे असून ते कान्होजी आंग्र्यांवरून पडले आहे. आरमारप्रमुखाचे नाव लाभलेला हा पाण्याखालचा मुलूख मराठी माणसास जवळजवळ अपरिचित आहे.

आता खाडीकडे वळू. तिवर, चिप्पी, कांदळ ह्या झाडांस आपले पूर्वज सरपण व गुरांचा चारा म्हणून ओळखत. खाऱ्या चिखलात हवा नसते, म्हणून तिवराची मुळे खुंटांप्रमाणे वर येऊन श्वास घेतात, आणि ह्या खुंटांच्या जाळीत नदीने आणलेला गाळ अडतो. भरतीबरोबर कोळंबी, खेकडे, शेवटे, तांबोशी ह्यांची पिले त्या जाळीत शिरतात. मोठी मासळी तेथे त्यांचा पाठलाग करू शकत नाही. गळलेली पाने कुजून त्यांचे अन्न होते. खाडीत जे बाळपण काढतात, त्यांतील कित्येक मोठे होऊन समुद्रात जातात व तेथे जाळ्यात सापडतात. तेव्हा खाडी बुजविली तर समुद्रातील जाळेही हलके होते, हा सरळ हिशेब आहे.

संरक्षणाचा हिशेबही तितकाच सरळ आहे. १९९९ साली ओडिशात जे महाचक्रीवादळ झाले, त्यात केंद्रापाडा जिल्ह्यातील ज्या गावांपुढे कांदळवनाचा रुंद पट्टा शिल्लक होता, तेथे मनुष्यहानी कमी झाली, असे पुढे अभ्यासकांनी दाखवून दिले. २००४ च्या त्सुनामीत तमिळनाडूतील पिचावरमच्या कांदळवनामागील वस्त्यांसही असाच आडोसा मिळाला. आपल्याकडे २०२० साली निसर्ग वादळाने श्रीवर्धनच्या बागा उद्ध्वस्त केल्या, आणि २०२१ साली तौक्ते वादळ सिंधुदुर्ग जिल्ह्याच्या किनाऱ्याजवळून गेले, तेव्हा ज्ञातीतील कित्येक घरांनी कौले व माड गमावले. वादळास कोणी थोपवू शकत नाही. लाटेचा जोर मोडणारी झाडे मात्र राखता येतात.

शासनाने ह्या बाबतीत काहीच केले नाही, असे म्हणणे अन्यायाचे होईल. १९८७ साली मालवणचे सागरी अभयारण्य जाहीर झाले. त्याचे क्षेत्र २९.१२ चौरस किलोमीटर असून सिंधुदुर्गाचा परिसर त्यात येतो. २००५ व २०१८ साली मुंबई उच्च न्यायालयाने कांदळवनाच्या तोडीविरुद्ध कडक आदेश दिले. २०१२ साली राज्यात स्वतंत्र कांदळवन कक्ष स्थापन झाला, आणि २०२० साली पांढरी चिप्पी हा राज्याचा कांदळवृक्ष ठरला. परंतु मालवणच्या अभयारण्यास तेथील मच्छीमारांनी प्रथमपासून विरोध केला, हेही तितकेच खरे. ज्या पाण्यावर पिढ्यान् पिढ्या रापण ओढली, ज्या पाण्यातील वाटा शिवकालापासून घराण्यास पाठ, तेथे आपणच परके ठरणार काय, हा त्यांचा प्रश्न होता. तो प्रश्न अडाणीपणाचा नव्हे. रापणीत सारा वाडा दोर ओढतो व साऱ्यांस वाटा मिळतो; उलट मोठ्या यांत्रिक नौकांची प्रचंड जाळी व रात्रीचे प्रखर दिवे ह्यांनी थोड्यांच्या पदरात पुष्कळ पडते. त्या नौकांस मोकळीक आणि लहान होडीवाल्यास मनाई, असे चित्र दिसले, तर निसर्गरक्षणाचा शब्दच लोकांस कडू लागतो.

येथे आज्ञापत्रातील त्या विवेकाची आठवण करणे आम्हांस अगत्याचे वाटते. झाड राखावे, परंतु ज्याने ते वाढविले त्याची राजीखुशी डावलू नये, अशी ती दुहेरी शिकवण आहे. किनाऱ्यावर ती जेथे पाळली गेली, तेथे फळही दिसते. वेंगुर्ल्याच्या मांडवी खाडीत स्थानिक महिलांचा बचत गट पाहुण्यांना होडीतून कांदळवन दाखवितो, त्यावर संसारास हातभार लावतो, आणि म्हणूनच त्या झाडांवर डोळ्यांत तेल घालून नजर ठेवतो. उपजीविका व रक्षण ह्यांची तेथे फारकत झालेली नाही.

आता आपल्या कुटुंबांविषयी दोन शब्द. घाटावर नोकरी-व्यवसायात स्थिरावलेल्या घरांकडे गावच्या खाजण जमिनींसाठी खरेदीदार येतात. जमीन पडीक आहे, खारी आहे, तेथे काही पिकत नाही, म्हणून मिळेल त्या भावाने देऊन टाकावी, असा विचार सहज मनात येतो. सही करण्यापूर्वी एवढे पाहावे की ती जमीन भरतीचे पाणी घेते काय, तिच्यावर कांदळ आहेत काय, आणि भराव पडल्यास शेजारच्या वाड्यात पाणी कोठून शिरेल. सामाईक सातबारावर ज्या भाऊबंदांची नावे आहेत, त्यांत गावी राहणाराही कोणी असतो. पैसा सर्वांस वाटून मिळेल. पाणी मात्र त्याच्या एकट्याच्या उंबऱ्यावर येईल.

दुसरे असे की सुटीत मालवणास जाणारी आपली मुले पाण्याखालचे जग पाहण्यास उत्सुक असतात. त्यांनी ते अवश्य पाहावे. परंतु पोवळ्यावर पाय देऊ नये, त्याचा तुकडा आठवण म्हणून आणू नये, आणि होडीवाल्यास नांगर खडकावर टाकू देऊ नये. तिसरे असे की खडकांची, खाडीच्या वळणांची व मासळीची जी नावे वडीलधाऱ्या मंडळींस अजून तोंडपाठ आहेत, ती लिहून घ्यावीत. तहनाम्यात त्यांना जागा मिळाली नाही. ज्ञातीच्या दप्तरात ती मिळावी. मंडळाने त्यासाठी एक वही घातली आणि पुढील स्मरणिकेत त्यातील निवडक नोंदी छापल्या, तर ह्या लेखाचे चीज झाले असे आम्ही समजू.