आईचा हायड्रेंजिया आणि माझी कात्री

परवा बुलढाण्याहून आईचा फोन. "अरे, हायड्रेंजियाला कळ्या आल्यात!" पाच वर्षांत पहिल्यांदाच. इतके दिवस मी सगळा दोष आमच्या विदर्भातल्या उन्हाला देत होतो... खरा दोष माझ्या कात्रीचा!

दसऱ्यानंतर गुलाब छाटायला मी घरी जायचो, तेव्हा त्याच हाताने हायड्रेंजियाही छाटायचो. पण गुलाब नव्या फुटव्यावर फुलतो, आणि हा जुन्या काडीवर. पुढच्या उन्हाळ्याची कळी थंडीच्या आधीच काडीच्या शेंड्यात धरू लागते. म्हणजे दरवर्षी मी आईची फुलंच कापून टाकत होतो. याची छाटणी बहर ओसरल्या ओसरल्या, पावसाळ्याच्या तोंडावर करायची.

हे झाड मूळचं जपानचं. १८२३ साली सीबोल्ड नावाचा जर्मन डॉक्टर नागासाकीच्या डच वखारीत आला. तिथे ताकी नावाच्या जपानी बाईशी त्याचा संसार झाला, मुलगी झाली. पुढे जपानचे नकाशे जवळ बाळगल्याच्या आरोपावरून त्याला हद्दपार केलं; मायलेकी मागेच राहिल्या. युरोपात परतल्यावर त्याने या फुलाला नाव दिलं 'हायड्रेंजिया ओताक्सा', म्हणजे ओ-ताकी-सान! शास्त्रात ते नाव टिकलं नाही. मुलगी इने मात्र पुढे नावाजलेली डॉक्टर झाली.

असो. फुलं निळी येतील अशी आईला आशा आहे. निळ्या रंगाला आम्लधर्मी माती लागते. आमच्या चुनखडीच्या काळ्या मातीत गुलाबीच येणार. तिला अजून सांगितलेलं नाही.