आंबेनळीच्या वरचं क्रीम, खालचा हापूस

महाबळेश्वरला गेलेला पर्यटक स्ट्रॉबेरी-क्रीम खाल्ल्याशिवाय सहसा परतत नाही. उंच ग्लासात कापलेली फळं, त्यावर फेटलेलं क्रीम, माथ्यावर आइस्क्रीमचा गोळा. या पदार्थामागच्या इतिहासात घाटाखालच्या महाड-पोलादपूरचं नाव कुणी घेत नाही, ते घ्यायला हवं.

मुंबईचा गव्हर्नर जॉन माल्कम याने 1828-29 मध्ये डोंगरमाथ्यावर हवापालटाचं ठाणं वसवलं, तेव्हा बोरघाटात रेल्वे नव्हती. मुंबईचे साहेब समुद्रमार्गे बाणकोटला यायचे, सावित्रीच्या खाडीने दासगाव-महाड गाठायचे आणि पोलादपूर मागे टाकून पारघाटाने वर चढायचे. विलायती जेवणाची हौसही त्यांच्याबरोबर चढली. माथ्यावरच्या तुरुंगातल्या चिनी कैद्यांनी बटाटे आणि विलायती भाज्या पिकवल्या. स्ट्रॉबेरी रुजली तीही इंग्रजी अमलातच. 1863 मध्ये बोरघाटातून रेल्वे सुरू झाली आणि वर्दळ पुणे-वाई-पाचगणीकडे वळली. पुढे पोलादपूरकडून वर चढणारी आंबेनळी घाटाची गाडीवाट झाली, तिला गव्हर्नर फिट्झजेराल्डचं नाव मिळालं. पण महाडचा मान ओसरला तो ओसरलाच.

इंग्लंडात स्ट्रॉबेरी आणि क्रीममध्ये मेरँगचा चुरा घालतात, त्याला ‘इटन मेस’ म्हणतात. अंड्याचा पांढरा भाग साखर घालून घट्ट फेटायचा आणि मंद आचेवर तासन्‌तास वाळवायचा, की मेरँग होतं. ‘पावलोवा’ही त्याच घराण्यातला. 1926 मध्ये ऑस्ट्रेलिया-न्यूझीलंडचा दौरा करणाऱ्या नर्तकी आना पावलोवाचं नाव त्याला मिळालं, आणि तो आधी कुणी केला यावर ते दोन्ही देश आजही भांडतात. हीच पावलोवा त्याआधी मुंबईतही नाचून गेली होती.

महाबळेश्वरच्या ग्लासात फळ आणि क्रीम राहिलं, मेरँग नाही. शाकाहारी गिऱ्हाइकापुढे अंडं अडतं, हे उघड कारण. हवाही आडवी येते: साखर ओलावा ओढून घेते, आणि पावसाळी हवेत मेरँग बघता बघता चिकट होतं.

कोरड्या दिवसांत मात्र पावलोवा इथे जमण्यासारखा आहे. 2010 मध्ये महाबळेश्वरच्या स्ट्रॉबेरीला भौगोलिक मानांकन मिळालं, 2018 मध्ये कोकणच्या हापूसला. त्यात महाड-पोलादपूरचा रायगड जिल्हाही आहे. स्ट्रॉबेरीचा हंगाम साधारण एप्रिलपर्यंत चालतो, तोवर हापूस बाजारात आलेला असतो. त्या थोड्या आठवड्यांत घाटावरचं आणि कोकणातलं फळ एका ताटलीत येऊ शकतं. चार अंड्यांच्या पांढऱ्याला साधारण 200 ग्रॅम बारीक साखर लागते. फेस टिकावा म्हणून थोडं व्हिनेगर घालायचं. घरात नसेल तर लिंबाचा रस चालतो. मंद आचेवर वाळवून गार झालेलं मेरँगचं कवच लगेच घट्ट झाकणाच्या डब्यात ठेवायचं. क्रीम आणि हापूसच्या फोडी मात्र अगदी वाढतानाच घालायच्या, कारण आंब्याचा रस लागला की कवच विरघळू लागतं.