डिंभांचे वाचन

गोंदिया जिल्ह्याला समुद्र नाही. मुंबईचा किनारा येथून रेल्वेने हजारएक किलोमीटर दूर. तरीही येथील प्राणिशास्त्राच्या विद्यार्थ्याला बायपिनारिया, ऑरिक्युलारिया, प्लुटियस ही नावे पाठ करावी लागतात. तारामीन, सागरी काकडी, सागरी अर्चिन इत्यादी कंटकचर्मी प्राण्यांच्या डिंभांची, म्हणजे बाल्यावस्थांची, ही नावे होत. त्यांचे 'उत्क्रांतीच्या दृष्टीने महत्त्व' मात्र उत्तरपत्रिकेत दोन ओळींत आटोपते. त्या ओळींमागचा इतिहास साहित्याच्या अभ्यासकानेही पाहावा असा आहे. तो मुळात वाचनाचा, आणि चुकीच्या वाचनाचाही, इतिहास आहे.

प्रौढ तारामीन मध्यापासून पाच दिशांना सारखाच पसरलेला असतो. त्याचा डिंभ मात्र आपल्यासारखा डाव्या-उजव्या बाजूंचा. 1846 मध्ये योहानेस म्युलर या जर्मन शास्त्रज्ञाने हेल्गोलँड बेटाजवळ सापडलेल्या, चित्रकाराच्या घोडीसारख्या दिसणाऱ्या एका सूक्ष्म जीवाला प्लुटियस हे नाव दिले. पुढे त्याला टॉर्नारिया सापडला. तोही तारामिनाचाच डिंभ, असे त्याने मानले. 1870च्या सुमारास मेचनिकॉफने दाखवून दिले की तो बॅलॅनोग्लॉसस या कृमीसारख्या प्राण्याचा आहे. या प्राण्याला कल्ल्यांची छिद्रे असतात, आणि ती तर पृष्ठवंशीयांच्या गोतावळ्याची खूण! म्युलरची ओळख चुकली होती. पण त्या चुकीतूनच एक दूरचे नाते हाती लागले.

या नात्याला वॉल्टर गारस्टँग या इंग्रज प्राणिशास्त्रज्ञाने 1894 मध्ये धीट रूप दिले. ऑरिक्युलारियासारख्या डिंभाच्या अंगावरील सूक्ष्म केसांचे पट्टे पाठीवर जुळून आपला चेतारज्जू घडला, असे त्याने सुचवले. डिंभांवर त्याने पद्येही रचली. ती त्याच्या मृत्यूनंतर, 1951 मध्ये, पुस्तकरूपाने आली. जीव आपल्या वाढीत पूर्वजांचा इतिहास पुन्हा गिरवतो, हे हेकेलचे मतही त्याने 1922 मध्ये उलटवले. वाढीतील बदलांतूनच वंशाचा इतिहास घडतो, असे त्याचे म्हणणे होते.

जनुकीय पुराव्याने बॅलॅनोग्लॉसस व कंटकचर्मी यांचे निकटचे नाते पक्के केले आहे. गारस्टँगची पट्ट्यांची उपपत्ती मात्र मूळ रूपात आज फारशी स्वीकारली जात नाही. साम्य खरे होते, त्यावरून रचलेली वंशकथा टिकली नाही. दोन कृतींतील साम्य पाहून लगेच प्रभावाचा निर्वाळा देणाऱ्या आपल्या समीक्षेने हे ध्यानात ठेवावे. साम्य हे चौकशीचे कारण असते. तो निकाल नव्हे.