रामश्टाइन १९८८ : हवाई कसरतींची दिशा आणि जोखीम
पश्चिम जर्मनीतील रामश्टाइन येथील अमेरिकी हवाई तळावर २८ ऑगस्ट १९८८ रोजी इटलीच्या हवाई दलाचे ‘फ्रेच्चे त्रिकोलोरी’ हे कसरतपथक दहा विमानांनिशी आकाशात धुराचे हृदय रेखाटत असताना तीन विमानांची टक्कर झाली आणि तिन्ही वैमानिकांसह अखेर ७० जण मृत्युमुखी पडले. या रचनेत दोन तुकड्या हृदयाच्या दोन बाजू काढून खाली परस्परांना छेदत आणि एकट्याने उडणारा वैमानिक, म्हणजे ‘सोलो’, त्याच छेदस्थानातून बाणासारखा प्रेक्षकांच्या दिशेने येई; त्या दिवशी तो अपेक्षेपेक्षा लवकर आणि खालून आला, व त्याचे जळते विमान धावपट्टीवर आदळून गर्दीत घुसले. वैमानिकांनी स्वतः पत्करलेली जोखीम पाहणाऱ्यांवर लादली गेली ती या दिशेमुळेच, हे त्यांच्या कौशल्याविषयी पूर्ण आदर बाळगूनही म्हणावे लागते. म्हणूनच पुढे प्रेक्षकांच्या रोखाने कसरती करण्यावर निर्बंध आले आणि ‘प्रदर्शनरेषा’, म्हणजे जिच्या अलीकडे विमानाने येऊ नये ती मर्यादा, गर्दीपासून अधिक दूर सरकली. जखमींचे हाल मात्र मदतकार्यातही वाढले, कारण अमेरिकी आणि जर्मन पथकांची शिरेतून द्रव देण्याची साधने एकमेकांना जुळत नव्हती.