ऋणको आणि न्यायासन



ऋण काढणे हा अपराध नव्हे आणि दिलेले ऋण परत मागणे हा अन्यायही नव्हे. प्रश्न निर्माण होतो तो वसुलीच्या रीतीविषयी. मालमत्ता हातची जाण्यापूर्वी ऋणकोचे म्हणणे कोणी ऐकून घ्यावे की नाही, या प्रश्नाभोवती सुमारे दीडशे वर्षांचा इतिहास फिरला आहे. पेडणे-डिचोलीच्या दृष्टीने त्याचा धावता मागोवा आज घ्यावयाचा आहे.

१२ मे १८७५ रोजी पुणे जिल्ह्यातील सुपे येथे शेतकरी सावकारांविरुद्ध उठले. त्यांचा रोख माणसांपेक्षा कर्जरोख्यांवर होता. रोखे हिसकावून जाळण्यात आले. कारण न्यायालयात रोखाच बोले, निरक्षर कूळ बोलत नसे. चौकशीनंतर १८७९ साली दख्खनच्या शेतकऱ्यांसाठी साहाय्यक कायदा झाला. रोख्यावरील आकड्यामागे जाऊन व्यवहाराचा मुळापासून हिशेब तपासण्याचा अधिकार न्यायाधीशास मिळाला आणि कर्जापायी शेतकऱ्यास कैदेत टाकणे बंद झाले. ऋणकोला न्यायासनापुढे वाचा फुटली ती अशी.

त्या कायद्याची सत्ता गोव्यात नव्हती. अठराव्या शतकाच्या अखेरीस पोर्तुगिजांकडे गेलेले पेडणे आणि डिचोली हे महाल 'नव्या काबिजादीं'त मोडत. येथील संरक्षण निराळ्या वाटेने आले. १८६७ची पोर्तुगीज नागरी संहिता १८७० पासून गोव्यास लागू झाली. तीनुसार, अन्य करार नसल्यास, पतिपत्नींची मालमत्ता समाईक असते आणि पत्नीच्या संमतीवाचून पतीला स्थावर मिळकत विकता वा गहाण टाकता येत नाही. हे तत्त्व १९६१च्या मुक्तीनंतरही टिकले. कर्ज एकाचे असले तरी घर दोघांचे असते, ही जाण गोमंतकाच्या कायद्यात जुनी आहे.

स्वतंत्र भारतात सावकाराची जागा बँकेने घेतली. थकबाकीचे दावे वर्षानुवर्षे रेंगाळत, म्हणून १९९३ साली वसुलीसाठी स्वतंत्र न्यायाधिकरणांचा कायदा झाला. २००२च्या 'सरफेसी' कायद्याने तर साठ दिवसांच्या नोटिशीनंतर न्यायालयाची पायरी न चढता तारण ताब्यात घेण्याची मुभा बँकांना दिली. ऋणकोला दाद मागता येई. परंतु त्याआधी मागणीच्या पंचाहत्तर टक्के रक्कम भरणे आवश्यक होते. ज्याच्यापाशी पैसा नाही म्हणूनच जप्ती आली, त्याने पैसा भरून न्याय मागावा, असा हा पेच होता. ८ एप्रिल २००४ रोजी मार्डिया केमिकल्स खटल्यात सर्वोच्च न्यायालयाने कायदा वैध ठरविला, मात्र ही अट रद्द केली. ऋणकोच्या हरकतीला सकारण उत्तर देण्याचे बंधनही त्याच वर्षी बँकेवर आले. २०२० साली कोल्हापूर जिल्ह्यातील मुरगूडच्या एका सहकारी बँकेच्या खटल्यात हा कायदा सहकारी बँकांनाही लागू असल्याचा निर्णय झाला.

शेतजमीन या कायद्यातून वगळलेली आहे. तिचा अर्थ दक्षिण गोव्यातील एका पंचतारांकित हॉटेलाच्या वादात ठरला. ब्लू कोस्ट हॉटेल्स या ऋणको कंपनीच्या बाजूने उच्च न्यायालयाने दिलेला निकाल सर्वोच्च न्यायालयाने १९ मार्च २०१८ रोजी फिरविला. महसुली दप्तरात शेतजमीन अशी नोंद असणे पुरेसे नाही, प्रत्यक्ष वापर व हेतू पाहावा लागतो, असे तेथे ठरले. हरकतीला उत्तर देणे बंधनकारक असल्याचे मान्य होऊनही, वारंवार मुदत घेऊन ती न पाळणाऱ्या ऋणकोला त्या त्रुटीचा लाभ मिळाला नाही. पेडण्यातील भाट वा काजूची बागायत आणि हॉटेलाच्या ताब्यातील जमीन यांतील भेद यामुळे स्पष्ट झाला.

न्यायासनाची मर्यादाही डिचोलीने पाहिली आहे. २०१२ साली खाणी थांबल्या आणि कर्जावर घेतलेले ट्रक दारात उभे राहिले. हप्ते मात्र थांबले नाहीत. २०१४ साली राज्य शासनाला खाणग्रस्त कर्जदारांसाठी सवलत योजना आणावी लागली. न्यायालय जप्तीची रीत तपासू शकते. बुडालेली मिळकत ते परत आणू शकत नाही.

आणि नाण्याची दुसरी बाजूही विसरता येत नाही. २०२० साली म्हापसा अर्बन सहकारी बँकेचा परवाना रद्द झाला, तेव्हा रांगेत उभा राहिला तो ठेवीदार. बँकेचा पैसा अखेर शेजाऱ्याचीच पुंजी असते. म्हणून ऋणकोचा हक्क कर्ज बुडविण्याचा नव्हे, ऐकले जाण्याचा आहे. सुप्याला रोखे जाळावे लागले. आज नोटिशीला मुदतीत लेखी उत्तर देता येते. जे अक्षर त्या शेतकऱ्यांपाशी नव्हते, ते शाळेने आपल्या हाती दिले आहे. त्याचा उपयोग वेळीच करावा, एवढेच सांगून आपली रजा घेतो.